बत्तिसावा किंबाप

किंबापमध्ये सारण घातलंच नाही तर त्याला किंबाप म्हणायचं की नाही, एवढ्याशा गोष्टीवरून कोरियातल्या तोंग्योंगमधल्या मुलींच्या एका हायस्कूलचा मासळीबाजार झाला. आणि हे कुठे, तर तोंग्योंगला. ज्या गावात बंदरासमोरच्या रांगेतली एकूण एक दुकानं बिनसारणाचा किंबाप विकून जगतात, त्या गावात. नुसता भात, समुद्री शेवाळाच्या काळ्या पातळ पानात अंगठ्याएवढा गुंडाळलेला, आणि शेजारी तिखटजाळ माकूळ नि मुळ्याची किमची, म्हणजे आंबवलेलं लोणचं. गावाचं जुनं नाव छुंगमू. नाव पुसलं गेलं तरी या खाण्याला अजून छुंगमूचा किंबापच म्हणतात आणि सोलहून बसा भरभरून माणसं तो खायला येतात. पण परीक्षेतल्या मार्कांचा प्रश्न आला आणि गाव आपल्याच ताटात काय वाढलेलं असतं ते विसरलं. विसरलं कसलं, विसरल्याचं सोंग घेतलं.

प्रश्न काढला होता प्यो सोजंगने. ती गणिताची बाई, कंत्राटावरची. दर फेब्रुवारीत तिचं कंत्राट संपायचं आणि दर फेब्रुवारीत उपमुख्याध्यापक ग्वाक तिला केबिनमध्ये बोलावून, स्वतःच्या खिशातलं काहीतरी काढून देतोय असा चेहरा करून, ते एका वर्षाने वाढवायचे. ती याच शाळेत शिकलेली. गणित विभागाचे प्रमुख योम सर यांनी तिला फळ्यासमोर उभं करून समीकरणं सोडवायला लावलेली. ते अजूनही शिक्षकांच्या खोलीत तिला सोजंग म्हणून हाक मारत आणि चारचौघांत प्योबाई.

प्रश्न असा होता: एका दुकानात किंबापमध्ये अंडं, पालक, गाजर, पिवळा मुळा आणि माशाची वडी अशी पाच सारणं गिऱ्हाइकाच्या मर्जीने घालून मिळतात. तर किती वेगवेगळे किंबाप करता येतील?

यात अवघड काही नाही. प्रत्येक सारणापुढे दोनच वाटा, घाला किंवा घालू नका. अंड्याच्या दोन. त्या प्रत्येकीला पालकाच्या दोन, म्हणजे चार. गाजर आलं की आठ, मुळा आला की सोळा, माशाची वडी आली की बत्तीस. त्या बत्तिसांत एक असा, की ज्यात गिऱ्हाइकाने सगळ्यालाच नको म्हटलंय. सोजंगला तो मोजताना क्षणभरही अडखळायला झालं नाही. तिने जन्मभर तोच खाल्ला होता.

तरी तिने प्रश्नाच्या शेवटी एक ओळ घातली होती: काहीही न घालता केलेला किंबापही धरावा. कारण ती मुलींना ओळखत होती आणि मुलींच्या आयांना त्याहून जास्त.

ती ओळ योम सरांनी उडवली. पेपर छापायला जाण्याआधी त्यांनी लाल पेनाने ती खोडली आणि म्हणाले, "अगं सोजंग, सगळंच ताटात वाढून दिलंस तर चाळण कशी लागणार? पहिल्या पायरीवर कोण आणि दुसरीवर कोण, ते कशावरून ठरवायचं?"

सोजंग म्हणाली, "सर, ओळ नसली तर भांडणं होतील."

"भांडणं काय, होतच असतात."

तिने मान डोलावली. ज्या माणसाने शाळेत आपले कान पिळलेत त्याच्याशी वाद घालायला जीभ लवकर वळत नाही. पेपरवर नाव मात्र तिचंच छापलं गेलं.

शाळेत मार्कांच्या नऊ पायऱ्या असतात. पहिल्या पायरीवर शंभरातल्या चारच मुली मावतात. पाचवी कितीही हुशार असो, ती दुसऱ्या पायरीवर. मुलगी काय शिकली हे कुणी विचारत नाही, ती कुणाच्या पुढे आहे हे विचारतात. म्हणून एका प्रश्नावर घरंच्या घरं उठतात. आणि यावेळी उठायला कारणही सणसणीत होतं. गावातल्या सगळ्यात मोठ्या क्लासात मुलींकडून एक युक्ती घोकून घेतली होती: दोनाचा गुणाकार करत जा, शेवटी एक वजा करा. का वजा करायचा? तर दुकानात येऊन काहीच न मागणारं गिऱ्हाईक नसतं. संपलं. त्या क्लासाच्या झाडून सगळ्या मुलींनी प्रश्न वाचला, गुणाकार केला, एक वजा केला आणि एकतीस लिहून पुढच्या प्रश्नाकडे वळल्या. प्रश्नात काय लिहिलंय ते बघायची त्यांना गरजच पडली नाही.

बत्तीस लिहिणाऱ्या मोजक्याच निघाल्या. त्यांतली एक मो दायॉन. दायॉन क्लासला जात नव्हती. तिला चिंजूच्या विद्यापीठात जाऊन गुरांची डॉक्टर व्हायचं होतं आणि त्यासाठी तिला गणितात पहिली पायरी लागत होती. उत्तरं नोटीसबोर्डावर लागली त्या दिवशी तासाला सोजंगने तिला उभं केलं आणि बत्तीस कसे आले ते विचारलं.

दायॉन म्हणाली, "एक तरी घाला असं कुठे लिहिलंय, बाई? जेवढं लिहिलंय तेवढंच मी वाचलं."

मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं की हिला उपाशी गिऱ्हाइकंच भेटतात वाटतं. वर्ग हसला. दायॉनही हसली. बसताना तिने फक्त एवढंच विचारलं की बाई, बत्तीसच राहणार ना. सोजंग म्हणाली, राहणार. गणितात दुसरं काही होऊच शकत नाही, असंही म्हणाली. ते तिने बोलायला नको होतं, पण बोलली.

त्याच दुपारी शिक्षकांच्या खोलीतला फोन वाजायला लागला तो थांबेना. क्लासवाल्यांनी पालकांच्या मोबाईलवरच्या ग्रुपमध्ये टाकून दिलं होतं की शाळेचं उत्तर चुकीचं आहे, आक्षेप घ्या. मग काय. सगळ्यात पुढे त्या क्लासातल्या सेयुनची आई. हिचं बंदराजवळ औषधांचं दुकान आणि नवरा दातांचा डॉक्टर. सेयुनने एकतीस लिहिलं होतं आणि त्या एका आकड्यापायी ती दुसऱ्या पायरीवर घसरत होती. सेयुनची आई फोनवर गोड बोलायची. प्योबाई, तुमच्या हेतूबद्दल आम्हाला शंका नाही, असं म्हणायची. म्हणजे बाकी सगळ्याबद्दल होती.

दोन दिवसांनी पालक शाळेत आले. ग्वाकांनी त्यांना बैठकीच्या खोलीत बसवलं, जवाचा चहा दिला आणि स्वतः मध्ये बसले, म्हणजे कुणाच्याच बाजूला नाही असं दिसावं. योम सर खिडकीजवळ. सोजंग एकटी समोर.

सेयुनच्या आईने सुरुवात केली. किंबाप म्हणजे काय, ते शब्दकोशात दिलंय, त्यात सारण असतं. सारण नसेल तर तो शेवाळात गुंडाळलेला भात. बाईंनी भाताचा प्रश्न विचारला असता तर गोष्ट वेगळी होती.

सोजंगने शांतपणे विचारलं, "आपण मूळच्या कुठल्या?"

"इथल्याच. का?"

"मग छुंगमूचा किंबाप खाल्ला असेल ना? त्यात सारण असतं?"

खोलीत कुणीतरी खाकरलं. सेयुनच्या आईने चहाचा पेला खाली ठेवला. "तो छुंगमूचा किंबाप. त्याचं नाव वेगळं, त्याची गोष्ट वेगळी. आणि त्याच्याबरोबर माकूळ असतं."

"माकूळ शेजारी असतं. आत नसतं."

"पोटात गेल्यावर आत आणि बाहेर काय, बाई?"

यावर कालवांची शेती असलेले एक गृहस्थ पुढे सरसावले. ते म्हणाले, माकूळ धरायचं असेल तर ते सहावं सारण झालं, मग बत्तीसही चूक आणि एकतीसही चूक, चौसष्ट व्हायला पाहिजेत. शेजारच्या बाईंनी मुळ्याच्या किमचीची आठवण करून दिली. गृहस्थ म्हणाले, हो की, मग एकशे अठ्ठावीस. तिसऱ्या कुणाला शंका आली की एखाद्याने दुप्पट अंडं मागितलं तर ते कुठे धरायचं. ग्वाक हे सगळं वहीत लिहून घेत होते. खरोखर लिहून घेत होते. सोजंगला वाटलं, आता उठावं, भिंतीवर डोकं आपटावं आणि त्या आवाजाने तरी ही माणसं गप्प बसतात का ते बघावं.

तिने फळ्यावर आकृती काढली. घाला, घालू नका. झाडासारख्या फांद्या फुटत गेल्या. शेवटच्या टोकांशी बत्तीस ठिपके. सगळ्यात खालच्या ठिपक्यावर, जिथे पाचही वेळा घालू नका आलं होतं, तिने खडू टेकवला आणि म्हणाली की या फांदीने असं काय पाप केलंय की हिलाच छाटायचं. ती झाडावरच आहे. बाकीच्या एकतीस जणींसारखीच.

"झाड छान काढलंत," सेयुनची आई म्हणाली. "पण दुकान झाडावर नसतं. माझ्या दुकानात रोज गिऱ्हाईक येतं. काहीच न मागणारा माणूस माझ्या लेखी गिऱ्हाईक नाही."

हे वाक्य क्लासातलंच होतं, जरा फिरवून. सोजंगच्या मस्तकात तिडीक गेली. ती योम सरांकडे बघून म्हणाली की मूळ प्रश्नात एक ओळ होती, ती असती तर आज कुणालाच यावं लागलं नसतं, सरांना विचारा. योम सर खिडकीतून बंदराकडे बघत होते. ग्वाक लगबगीने म्हणाले की ते शाळेच्या आतलं आहे, आपण पालकांसमोर नको. आणि योम सरांनी तोंड उघडलं नाही. काहीच न करणं हाही एक पर्याय असतो हे त्या खोलीत सगळ्यांना पक्कं ठाऊक होतं. फक्त किंबापच्या बाबतीत ते कुणाला पटत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी शाळेच्या समितीची बैठक. पालक नाहीत, फक्त घरचे. बैठक लांबणार म्हणून ग्वाकांनी जेवण मागवलं आणि बंदरावरून आलेल्या डब्यांतून जे निघालं ते बघून सोजंगला आधी हसू आलं आणि मग तोंडाची चव गेली. भाताची काळी बोटं, शेजारी लालभडक माकूळ, किमची. गावात बैठकीला दुसरं काही मागवतच नाहीत. सगळ्यांनी टूथपिक टोचून खायला सुरुवात केली. ग्वाक बाहेरगावचे, चांगवॉनचे, त्यांना तर हे खास आवडायचं. माकूळ आज मऊ आहे, असं म्हणाले.

सोजंगने एक काडीवर उचलला. "सर, हे काय आहे?"

"काय म्हणजे?"

"हे जे तुम्ही खाताय, त्याला काय म्हणतात?"

ग्वाकांनी चावणं थांबवलं नाही. "प्योबाई, याला जेवण म्हणतात. जेवा."

कुणी वर बघितलं नाही. इंग्रजीच्या बाईंनी माकुळाची वाटी पुढे सरकवली, बिचारीने जिव्हाळ्यानेच सरकवली असेल. डबे संपले, तोंडं पुसली गेली आणि त्याच टेबलावर, शेवाळाचे कण झटकून, ग्वाकांनी कागद ठेवला. त्यावर लिहिलं होतं की प्रश्नाची शब्दरचना संदिग्ध असल्याने एकतीस आणि बत्तीस दोन्ही उत्तरं बरोबर धरावीत. खाली प्रश्न काढणाऱ्याच्या सहीची जागा.

सोजंगने विचारलं की दोन्ही बरोबर, तर उद्या फळ्यावर काय लिहू. दोन उत्तरं? की ज्याच्या आईचा आवाज मोठा त्याचं उत्तर? ग्वाक म्हणाले, फळ्यावर पुढचा धडा लिहा. त्यांना घाई होती. वर्षानुवर्षं असे कागद त्यांनी पुढे सरकवले होते आणि प्रत्येक वेळी समोरच्याने पेन उचललं होतं.

"शब्दरचना संदिग्ध झाली, हे मलाही मान्य आहे," सोजंग म्हणाली. "कशी झाली तेही लिहा. ओळ कुणी काढली ते लिहा, मी आत्ता सही करते."

योम सरांनी चष्मा काढून पुसला. ते हळू आवाजात म्हणाले, "अगं, माझी निवृत्ती दोन वर्षांवर आलीय." चारचौघांत अगं म्हणाले, पहिल्यांदाच.

"आणि माझं कंत्राट फेब्रुवारीवर, सर."

त्यांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला. उत्तर ग्वाकांनी दिलं. फेब्रुवारी फार लांब नाही, हे बाईंच्या लक्षात आहे ते बरंच झालं, म्हणाले. आणि मग चुचकारत म्हणाले की तुमच्या सहीशिवाय हा कागद पुढे जात नाही, एवढा मान तुम्हाला नियमांनीच दिलाय, तो वाया घालवू नका.

सोजंगने ते वाक्य पकडलं. माझ्या सहीशिवाय पुढे जात नाही. म्हणजे मी सही केली नाही तर बत्तीस राहतं. दायॉनला दिलेला शब्द राहतो. गेलं कंत्राट तर गेलं; दर फेब्रुवारीत त्या केबिनमध्ये उभं राहून वाकून वाकून मान दुखायला लागली होती. तिने पेन टेबलावर आडवं ठेवलं, डबे गोळा केले आणि ती बाहेर पडली. जिन्यावरून उतरताना तिला बऱ्याच दिवसांनी मोकळा श्वास घेतल्यासारखं वाटलं. इतकं की ती बंदरावर जाऊन उगीच उभी राहिली आणि तिथल्या किंबापच्या दुकानातल्या आज्जीने हाक मारली तेव्हा जेवणावर आणखी एक ताट जेवली.

तो मोकळेपणा सोमवारपर्यंत टिकला. सोमवारी सूचना लागली. प्रश्न काढणाऱ्या शिक्षिकेची संमती न मिळाल्यामुळे तो प्रश्न रद्द. त्याच्या जागी एका प्रश्नाची फेरपरीक्षा, शनिवारी सकाळी, अख्ख्या इयत्तेची. नवीन प्रश्न विभागप्रमुख काढतील.

सही नाही दिली तर बत्तीस राहील, असं तिला कुणी सांगितलं होतं? कुणीच नाही. ग्वाक एवढंच म्हणाले होते की कागद पुढे जात नाही. दुसरा कागद होताच त्यांच्या कपाटात. ज्या बाईने पाच सारणांच्या सगळ्या वाटा मोजल्या, तिने आपल्या समोरच्या दोनच मोजल्या आणि तिसरी तिला दिसलीच नाही. ती केबिनमध्ये धावत गेली, म्हणाली की द्या तो कागद, करते सही. ग्वाक म्हणाले, आता उशीर झाला, बाई, आणि शिवाय तुम्ही तत्त्वाचा प्रश्न केला होता.

शनिवारी सगळ्या मुली गणवेशात येऊन बसल्या. सुट्टी गेली म्हणून चिडलेल्या, क्लास बुडाला म्हणून चिडलेल्या, आयांनी पहाटे उठवलं म्हणून चिडलेल्या. योम सरांनी प्रश्न काढला होता तो असा: बर्फाच्या गोळ्यावर चार प्रकारच्या गोष्टी घालून मिळतात, किमान एक घालणं आवश्यक आहे, तर किती प्रकार होतील? किमान या शब्दाखाली त्यांनी स्वतः रेघ ओढली होती. दोनाचा गुणाकार करा, शेवटी एक वजा करा. पंधरा. क्लासाची युक्ती शाळेने शिक्का मारून खरी करून दाखवली.

पेपर सोजंगलाच तपासायला दिले. ती शिक्षकांच्या खोलीत बसून तपासत राहिली. पंधरा. पंधरा. पंधरा. बरोबर, बरोबर, बरोबर. सेयुनचं पंधरा, दायॉनचं पंधरा. अख्ख्या इयत्तेला आलं. कुणाला काही येतंय का ते कळायला या पेपरात जागाच नव्हती. एका मुलीने उत्तराशेजारी बर्फाच्या गोळ्याचं चित्र काढलं होतं आणि त्यावर काहीच घातलं नव्हतं. कुणी काढलं ते बघायला सोजंगने नाव वाचलं. सेयुन. तिला वाटलं, पोरगी चिडवतेय. मग वाटलं, कदाचित नसेलही. तिने पुढचा पेपर ओढला.

पायऱ्या पुन्हा लागल्या. जे सही केल्यावर झालं असतं, तंतोतंत तेच झालं. सेयुन पहिल्या पायरीवर चढली, दायॉन दुसऱ्या पायरीवर आली. फक्त मध्ये एक शनिवार गेला आणि सगळी इयत्ता प्योबाईंच्या नावाने बोटं मोडायला लागली. दायॉनचा बाप बोटीवर होता आणि आई कालवं सोलायच्या कामावर. त्यांच्याकडून फोन आला नाही. आक्षेप घेता येतो हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. सोजंगनेही नाही.

दायॉन दप्तर घेऊन जिन्याखाली उभी होती. सोजंगला टाळून जाता आलं नाही.

"सही करून टाकायची होती ना, बाई," दायॉन म्हणाली. आवाज चढला नव्हता. बाजारात भाव पटला नाही की माणसं जशी बोलतात तशी बोलली. "ग्वाक सरांनी वर्गात सांगितलं, तुमच्यामुळे फेरपरीक्षा झाली म्हणून. घसरायचं होतंच तर निदान शनिवार वाचला असता. मी शनिवारी आईबरोबर कामाला जाते."

सोजंगच्या मनात पुष्कळ होतं. योम सरांचं लाल पेन, सेयुनच्या आईचं गिऱ्हाईक, काडीवरचा तो भात. बाहेर आलं ते एवढंच:

"दायॉन, बत्तीसच होतं."

"माहितीये बाई," दायॉन म्हणाली. "मग?"

ती थांबली, उत्तरासाठी खरंच थांबली. वर घंटा झाली. सोजंगने काखेतले पेपर या हातातून त्या हातात घेतले. मुलगी वाकली, बाईंना करतात तसा रीतसर नमस्कार केला आणि फाटकाकडे निघून गेली.